माझी सून नायकाचं काम करते

माझी सून पहिल्यांदा मेली तेव्हा मी अर्ध्या लीड्सला फोन करून कळवलं होतं. "आज नऊ वाजता टीव्ही लावा. नदीकाठी जी बाई मरून पडलेली दिसेल, ती आमची."

पोलीस-तपासाची मालिका होती. सून पडद्यावर होती तेवढ्यात चहालाही उकळी आली नसती. डोळे मिटलेले, केसांत पाचोळा, एका पायात बूट नाही. दुसऱ्या दिवशी मंडळातल्या एका बाईंनी मला विचारलं, "बोलली नाही का हो काहीच?" मी म्हटलं, "तुमच्याकडे मेलेली माणसं बोलतात का?" त्यानंतर त्या बाई बरेच दिवस माझ्याशी बोलल्या नाहीत, पण त्याला माझा इलाज नव्हता. माझ्या माणसांचं कौतुक मी वाजवूनच करते. आपला तो बाब्या म्हणणाऱ्यांतली मी आहे आणि मला त्याची लाज वाटत नाही.

सून तैवानची. तिकडची गायिका आणि नटी. हे वाक्य मी गेली दहा वर्षं सांगत आले आहे आणि ऐकणारा दरवेळी आधी हसून मान डोलावतो, मग विचारतो, "म्हणजे हौस म्हणून?" हौस म्हणून मी चकल्या करते. ती गाते.

मुलगा आमचा इथे इंग्लंडमध्येच जन्मला, इथेच शिकला. कॉम्प्युटरच्या नोकरीत त्याला कंपनीने दोन वर्षं तैपेईला पाठवलं होतं. तिथून एका रविवारी त्याचा फोन आला.

"आई, मला एक मुलगी आवडलाय. ती सिंगर आहे."

"कुठे गाते?"

"आय डोन्ट नो. सगळीकडे, आय थिंक. तिचा फोटो बसवर असते."

मला वाटलं, बस कंपनीत असेल बिचारी. नोकरी चांगली आहे, पेन्शन असेल. ह्यांना तसंच सांगितलं. हे लीड्सच्या हॉस्पिटलात डॉक्टर होते, मी तिथल्याच फार्मसीत होते, त्यामुळे पेन्शनवाली सून येणार म्हणून आम्ही दोघंही खूश झालो.

लग्नानंतर ती दोघं मिल्टन कीन्सला राहायला आली. मुलाचं ऑफिस तिथे आहे. पहिल्याच उन्हाळ्यात मी त्यांच्याकडे गेले होते आणि आम्ही सासू-सुना शॉपिंग सेंटरमध्ये माझ्या सपाता बदलून घ्यायला गेलो. येताना तिला तिच्याकडचा तो साबुदाण्याच्या गोळ्यांचा चहा प्यायचा होता. काउंटरवर तैवानचीच एक कॉलेजातली मुलगी होती. तिने पेला भरला, वर बघितलं आणि पेला तसाच हातात धरून उभी राहिली. मागे रांग लागली. मग त्या मुलीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं. सुनेने तिचा हात धरला, त्यांच्या भाषेत काहीतरी बोलली, दोघींनी मिळून फोटो काढला. पैसे घ्यायला ती मुलगी काही केल्या तयार होईना.

"ओळखीची होती का गं?" मी बाहेर आल्यावर विचारलं.

"नाही, आई. ती म्हणाली, तिची आजी हॉस्पिटलमध्ये होता तेव्हा रोज इव्हिनिंगला माझा ड्रामा बघायचा. आजी गेला. पण लास्ट एपिसोड बघून गेला."

मी सपातांची पिशवी घेऊन तिथल्या बाकावर बसले. माझ्या घरात कोण आलं आहे हे मला त्या दिवशी कळलं. मुलाला संध्याकाळी झापलं. "गाढवा, बसवर फोटो असतो म्हणजे काय ते तुला कळलं नाही?" तो म्हणाला, "आई, मी तर सायकलने जायचो."

तिच्या आयुष्याची गोष्ट मला तिने तुकड्यातुकड्याने सांगितली, बहुतेक वेळा मटार सोलताना. तिला मटार सोलायला फार आवडतं आणि हातांना काम असलं की ती मोकळी बोलते.

ती वाढली एका बंदरगावात. आई फिरत्या नाटक कंपनीत होती. आपल्याकडे संगीत नाटकं असतात तशीच त्यांचीही असतात, गद्य आणि पदं, जरीचे कपडे, राजेरजवाडे. एका निळ्या ट्रकवर सगळा संसार. देवळात उत्सव असला की गावकरी कंपनीला बोलावतात, देवळाच्या दारासमोर रंगमंच उभा करतात आणि नाटक करायचं ते देवासाठी. रंगमंचाचं तोंडच देवाकडे असतं. माणसं आली तर आली. पाऊस असला, कोणी फिरकलं नाही, तरी देवासमोर नाटक पूर्ण करायचं, एक पद गाळायचं नाही. ती कपड्यांच्या पेटीत झोपायची. पाच-सहा वर्षांची असल्यापासून झेंडा धरून सैनिक म्हणून उभी राहायची.

आणि त्या नाटकांत नायकाचं काम बाई करते. तिची आई नायक होती. राजपुत्र, सेनापती, परीक्षा देऊन मोठा अधिकारी झालेला तरुण, सगळं तिची आई. गावागावातल्या बायका म्हणे तिच्या आईसाठी दागिने घेऊन यायच्या.

मी तिला सांगितलं की आमच्या सांगलीकडे बरोबर उलटं होतं. पूर्वी आमच्या संगीत नाटकांत बाईचं काम पुरुष करायचे आणि त्यांनी नेसलेल्या साड्या बघून घरंदाज बायका तशा साड्या मागवायच्या. ती इतकी हसली की तिने कपाळ टेबलावर टेकलं.

"सो युअर मेन वेअर सारीज, अँड अवर विमेन वेअर बिअर्ड्स. आई, त्यांनी लग्न करायला पाहिजे."

"झालंच की लग्न," मी म्हटलं. "तू मटार सोल."

आईने तिला नायक करायचं म्हणूनच तयार केलं होतं. जाड तळव्यांचे बूट घालून चालायचं, पंखा कसा उघडायचा, गळ्यातून न गाता पोटातून कसं गायचं. पण सतराव्या वर्षी ती टीव्हीवरच्या गाण्याच्या स्पर्धेत जिंकली आणि तैपेईच्या एका कंपनीने तिला उचललं. केस कापले, दात सरळ केले, हसायचं किती ते शिकवलं. अल्बम निघाले. मग मालिका. दोन वर्षं ती रोज संध्याकाळी छळ सोसणारी सून झाली होती आणि तिला छळणाऱ्या सासूला खऱ्या बाजारात भाजीवाले कोबी द्यायचे नाहीत. "आणि मग तुला मी मिळाले," मी म्हटलं. ती म्हणाली, "येस आई, आय हॅड ट्रेनिंग."

तिच्या आईला मात्र यातलं काही पटलं नाही. ती म्हणायची, हे मायक्रोफोनचं गाणं, तुझं नाही. एकदा तरी नायक कर. मुलगी म्हणायची, करीन. मग वय तिशीच्या पुढे गेलं, नायिका होती ती नायिकेची मोठी बहीण झाली, पुढचं पाऊल मावशीचं होतं. तेवढ्यात आमचा सायकलवाला भेटला. ती इकडे आली आणि काही वर्षांनी तिची आई गेली. नायक करायचा राहून गेला.

इथे तिला काय मिळालं? टेकअवेच्या मालकाची बायको. नर्स. दुसरी नर्स. मग ती मेलेली बाई, आणि मेलेली बाई तिने इतकी छान केली की पुन्हा एकदा दुसऱ्या मालिकेत मारलं. ऑडिशनला गेली की म्हणायचे, इंग्रजी जरा मोडकं बोलाल का? तिचं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं आहे. ती मोडून बोलायची आणि घरी येऊन दोन दिवस कोणाशी बोलायची नाही. पिकतं तिथे विकत नाही म्हणतात, पण हिचं तर जिथे विकत होतं ते गाव सोडून आली होती आणि इथे कोणाला पीक ओळखता येत नव्हतं. मला याचा संताप यायचा. मी ह्यांच्यावर काढायचे.

गेल्या वर्षी तिने स्वतःच एक नाटक लिहिलं. एकटीचं. बंदर, ट्रक, देऊळ, आई, सगळं त्यात. थोडं इंग्रजीत बोलायचं, गायचं मात्र तिच्या भाषेत, आणि शेवटाकडे आईचा नायक करायचा. लीड्समधल्या एका लहान नाट्यगृहाने चार संध्याकाळी दिल्या. तालमींसाठी ती आमच्याकडेच येऊन राहिली. पहिल्याच दिवशी चहा पिताना मला म्हणाली, "आई, धिस इज द लास्ट वन. मला कॉलेजमध्ये स्टुडंट ऑफिसला जॉब देतात. हे नाटक पुढे नाही गेला तर मी सोमवारी येस म्हणणार. मग मी नॉर्मल माणूस."

"मिल्टन कीन्समध्ये नॉर्मल माणसं काय कमी पडली आहेत?"

"आई, मी थकले." एवढंच म्हणाली. तिच्या मराठीत चुका असतात, पण ते वाक्य अगदी बिनचूक होतं.

तालमीला जागा म्हणून गॅरेज दिलं. गाडी बाहेर रस्त्यावर उभी राहिली, हे कुरकुरले, मी लक्ष दिलं नाही. गॅरेजची भिंत आणि स्वयंपाकघराची भिंत एकच, त्यामुळे मला सगळं ऐकू यायचं. आधी बुटांचा आवाज, ठक, थांबा, ठक. मग ते पद.

नायक परीक्षा पास होऊन, मोठा हुद्दा घेऊन घरी येतो आणि आई गेलेली असते. तेव्हा तो गातो ते पद. त्यांच्याकडे रडण्याची अशी एक वेगळी चालच असते. शब्द मला एकही कळत नव्हता. पण मी सांगलीची आहे. वडील मला लहानपणापासून नाटकांना न्यायचे, त्यामुळे गाणं कुठे बसलं आणि कुठे नुसतं पार पडलं एवढं मला कळतं. त्या पदाला चार ओळी होत्या आणि सगळी गंमत तिसरीत होती. तिसऱ्या ओळीत सूर वर जातो, तिथे थांबतो, आणि मग हुंदक्यासारखा खाली येतो. ती थकलेली असली की तो सूर गळ्यातून काढायची. बरोबर यायचा, पण नुसता बरोबर. पोटातून काढला की माझं लाटणं थांबायचं. मी तिला सांगायचे. "आज तिसरी नाही आली." ती म्हणायची, "आय नो." कधी चिडायचीही. एकदा गॅरेजचं दार आपटलं होतं तिने. मला तेही आवडलं.

तिला नाट्यगृहाकडे सोडायला मी गाडी चालवायचे आणि गाडीत माझी जुनी नाट्यपदं लावायचे. प्रयोगातच टेप केलेली, खोकल्यांसकट. एकदा तिने विचारलं, "आई, हे लोक मध्येच का ओरडतात? ते अँग्री आहेत?"

"अँग्री कशाला? वन्समोर म्हणतात ते. पद आवडलं की प्रेक्षकांतून वन्समोर द्यायचा. मग नाटक जागच्या जागी थांबतं आणि नट ते पद पुन्हा म्हणतो."

"गोष्ट थांबते? राजा मरत असेल तरी?"

"मरायचा थांबतो. गातो, मग मरतो."

तिने टेप मागे नेऊन ते ओरडणं पुन्हा ऐकलं. मग म्हणाली, "व्हॉट अ गुड सिस्टीम."

पहिले तीन प्रयोग झाले. मी तिन्हीला गेले. पन्नास-साठ माणसं यायची. सगळी भली, शांत. शेवटी उभं राहून टाळ्या वाजवायची, पण मधे पद संपलं की असं काही चिडीचूप व्हायचं की माझाच जीव गुदमरायचा. शेजारची बाई डोळे पुसत असली तरी आवाज न करता पुसायची. सून म्हणाली, "आई, ते देवासारखे बसतात. देव पण टाळी वाजवत नाही. पण देवाला मी लहानपणापासून ओळखते. यांना काय वाटतं, आय कॅन्ट टेल." तिसऱ्या दिवशी तर ती पद संपवून जागेवरच थांबली, पुढचं वाक्य तिला आठवेना. सावरलं तिने, पण मला दिसलं.

चौथ्या दिवशी एका मोठ्या नाट्यगृहाची बाई बघायला येणार होती. तिला आवडलं तर नाटक गावोगाव जाणार, नाही आवडलं तर सोमवारी कॉलेजची नोकरी. आम्हाला सगळ्यांना हे माहीत होतं आणि म्हणून जेवताना कोणी त्याचं नावही काढलं नाही.

त्या दिवशी तिला विंगेत उदबत्ती लावायची होती. त्यांच्याकडे प्रयोगाआधी नाटकाच्या देवाला उदबत्ती लावतात. स्टेज मॅनेजर म्हणाला, सॉरी, स्मोक अलार्म. मी म्हटलं, ठीक आहे, आमच्याकडे नारळ फोडतात आणि नारळाला धूर नसतो. मार्केटमधून नारळ आणला होताच. पण आत फरशी नवीन होती, तेव्हा दोघी कार पार्कमध्ये गेलो आणि मी फूटपाथच्या कडेवर नारळ आपटला. दोन माणसं तिथे सिगरेट ओढत उभी होती. त्यातल्या एकाने विचारलं, "यू ऑल राइट, लव्ह?" मी त्यालाही खोबरं दिलं. सुनेने पूर्ण मेकअपमध्ये, भुवया वर ओढलेल्या, हात जोडले. नारळाच्या पाण्याचे दोन थेंब तिच्या जाड बुटांवर पडले.

प्रयोग सुरू झाला. हे माझ्या डाव्या बाजूला, मुलगा उजव्या. ती मोठ्या नाट्यगृहाची बाई पुढच्या रांगेत, सरळ पाठीची, पांढरे केस, मांडीवर कोट. तिच्या खांद्यावरून काही कळत नव्हतं. बंदर झालं, ट्रक झाला, मालिकेतली सून झाली, तिथे लोक हसलेसुद्धा. मग सुनेने पाठ फिरवून तो झगा चढवला, पंखा घेतला आणि वळली. दरवेळी बघूनही मला दरवेळी वाटायचं की हा कोणी वेगळाच माणूस आला. खांदे रुंद, हनुवटी वर. माझी पाच फुटांची सून कुठेच नव्हती.

पद सुरू झालं. वादक परवडत नव्हता म्हणून त्या दोन तारांच्या वाद्याची साथ टेप केलेली होती. पहिली ओळ. दुसरी. तिसऱ्या ओळीला सूर वर गेला, थांबला. इतके दिवस भिंतीपलीकडून ऐकलं होतं ते हे नव्हतंच. हा सूर तिने कुठून काढला मला माहीत नाही. तो खाली आला तेव्हा माझ्या अंगावर सरसरून काटा आला. चौथी ओळ झाली. पद संपलं.

आणि पुन्हा तेच. चिडीचूप. कोणी हललं नाही. तिने समोर बघितलं, अंधारात, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, आणि तिचे खांदे हळूहळू पुन्हा माझ्या सुनेचे व्हायला लागले.

मला ते बघवेना. सांगलीला माझे वडील, काका, शेजारचे वकील, सगळे वन्समोर द्यायचे. आम्हा बायकांना फक्त टाळ्या. किती वेळा तोंडापर्यंत आला होता आणि आईने मांडीला चिमटा काढला होता. सत्तरी ओलांडल्यावर कोण चिमटा काढणार?

"वन्समोर," मी ओरडले.

आवाज माझा मुळातच मोठा. ह्यांनी कार्यक्रमपत्रिका तोंडासमोर धरली. मुलगा म्हणाला, "ओ माय गॉड, आई." पुढच्या रांगेतली डोकी एकदम मागे वळली. बघा, शब्द अस्सल इंग्रजी आणि त्या इंग्रजांच्या खोलीत तो एकालाही कळला नाही. मी पुन्हा दिला, हात वर करून. "वन्समोर." दारातली मुलगी टॉर्च घेऊन माझ्या रांगेकडे आली आणि हळूच म्हणाली, "मॅडम, आर यू ओके?" हे कार्यक्रमपत्रिकेमागून म्हणाले, "शी इज फाइन. शी इज जस्ट अ‍ॅप्रिशिएटिंग."

तोवर टेप पुढे गेली होती. पुढच्या प्रवेशाच्या समुद्राच्या लाटा सुरू झाल्या होत्या, प्रकाश निळा झाला होता. सगळं कॉम्प्युटरवर बांधलेलं, मागे जायची सोयच नाही. सुनेने वर कंट्रोल रूमच्या खिडकीकडे बघून तळहात दाखवला. लाटा थांबल्या. मग ती जाड बूट वाजवत रंगमंचाच्या अगदी कडेला आली, कपाळावर हात धरून अंधारात मला शोधलं, आणि अख्ख्या नाट्यगृहासमोर मराठीत विचारलं,

"आई, कुठून घेऊ?"

"पहिल्यापासून," मी म्हटलं.

तिने घेतलं. टेप नाही, वाद्य नाही, निळा प्रकाश तसाच. नुसता आवाज. या वेळी ती देवासाठीही गात नव्हती आणि त्या पांढऱ्या केसांच्या बाईसाठीही नव्हती. तिसऱ्या ओळीला ती थांबली ती इतका वेळ थांबली की मला वाटलं आता सूर तुटणार. नाही तुटला. आणि पद संपलं तेव्हा कोणीतरी मागून शीळ वाजवली, तो कार पार्कमधला खोबरं खाल्लेला माणूस होता असं मुलगा म्हणतो, आणि मग नाट्यगृह फुटलं. ते भले, शांत लोक पाय आपटत होते. माझी सून रंगमंचाच्या कडेला उभी राहून नायकासारखं एका हाताने नमस्कार करत होती आणि मी रडत होते, मोठ्याने, आवाज करून. ही माझी सून आहे हे मला त्या खोलीतल्या प्रत्येकाला धरून सांगायचं होतं. नंतर बऱ्याच जणांना सांगितलंही.

प्रयोग संपल्यावर बारमध्ये ती पांढऱ्या केसांची बाई आमच्याकडे आली. सुनेशी बोलली, तारखांचं बोलली, ग्लासगोपासून सुरुवात करू म्हणाली. मुलाने माझा हात इतका दाबला की बांगडी रुतली. मग ती बाई माझ्याकडे वळली आणि तिने अगदी गंभीरपणे विचारलं की मी नाटकातच आहे का, आणि नसेन तर दर प्रयोगाला येऊन त्याच जागी ओरडू शकेन का. प्रवासखर्च ते देतील.

"नो," मी म्हटलं. "गाणं चांगलं झालं तर मी ओरडते. नाही झालं तर नाही ओरडत. इट इज नॉट अ डोअरबेल."

सून माझ्याकडे बघत राहिली. सोमवारी तिने कॉलेजला फोन करून "नाही" म्हणून कळवलं.

ग्लासगोचं नाट्यगृह मोठं होतं, वर गॅलरी वगैरे. आणि भरलं होतं. तैवानचे विद्यार्थी आले होते, फुलं घेऊन. आपली माणसंही आली होती, कारण मी आठवडाभर फोनच करत होते. ग्लासगोतले मराठी डॉक्टर, त्यांच्या बायका, एकाने तर सासऱ्यांनाही आणलं होतं. लीड्सची कथा सगळ्यांपर्यंत पोचली होती. माझ्या शेजारी बसलेले डॉक्टर सुरू व्हायच्या आधीच म्हणाले, "काकू, तुम्ही फक्त खूण करा. आम्ही सगळे रेडी आहोत."

पद आलं. पहिली ओळ, दुसरी. तिसऱ्या ओळीला सूर वर गेला, बरोबर लागला, बरोबर खाली आला. गळ्यातून. आदल्या दिवशी दिवसभर मुलाखती दिल्या होत्या तिने. पद संपलं आणि या वेळी टाळ्या पडल्या, जोरात पडल्या, गॅलरीतूनसुद्धा. डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं, हात अर्धा वर नेला. मी तो धरून खाली आणला.

"गप्प बसा," मी म्हटलं.

ते बसले. सगळी रांग माझ्याकडे बघत होती, जशी काही मी त्यांच्या ताटातली बासुंदी काढून घेतली होती. नाटक पुढे गेलं, छान झालं, शेवटी सगळे उभे राहिले, मीही राहिले.

मग मी आत तिच्या खोलीत गेले. ती आरशासमोर बसली होती, क्रीम लावून एका बाजूची भुवई पुसलेली, दुसरी अजून नायकाची. चहूकडे फुलं. दाराशी ते विद्यार्थी फोटोसाठी थांबले होते. तिने आरशातूनच माझ्याकडे बघितलं.

"आई, आज नाही."

"नाही."

"तिसरी लाईन?"

"तिसरी ओळ."

तिने कापूस खाली ठेवला. मला वाटलं, चिडणार आता, दार आपटणार. पण ती म्हणाली, "आई, तिकडे ट्वेंटी इअर्स सगळे टाळ्या वाजवत होते. मी बॅड गायले तरी. नाही म्हणणारी एकच होती. माझी आई."

तिने पाठ ताठ केली, पोटावर हात ठेवला आणि तिसरी ओळ पुन्हा घेतली, हळू, अर्ध्या आवाजात. मी बाहेरच्या मुलांना जरा थांबा म्हणून सांगितलं, दार लावलं आणि कपड्यांच्या पेटीवर बसून ऐकायला लागले.